नाशिकमध्ये दिव्यांगत्वासह सेल्सचं काम: नव्याने सुरुवात करणाऱ्यांसाठी मार्गदर्शक

'सेल्ससाठी मुलं-मुली पाहिजेत' अशा पाट्या नाशिकमध्ये बारा महिने दिसतात. मेन रोडची कापडाची दुकानं, कॉलेज रोडची शोरूम, सातपूर-अंबडच्या कारखान्यांची विक्री खाती, पाथर्डी फाट्याकडच्या नव्या इमारतींची साइट ऑफिसं, पिंपळगाव-दिंडोरीची कृषी सेवा केंद्रं, सगळीकडे माणसं लागतात आणि सगळीकडून माणसं सोडूनही जातात. या कामात पदवीपेक्षा विक्रीचा आकडा बघितला जातो, त्यामुळे दिव्यांग उमेदवाराला इथे शिरकाव तुलनेने लवकर मिळतो. टिकणं मात्र पहिल्या निवडीवर अवलंबून असतं. शरीराला न झेपणाऱ्या प्रकारात शिरलात, तर दोन-तीन महिन्यांत दुखणं वाढतं, आकडा घसरतो आणि घरचेही म्हणायला लागतात की सेल्स तुझं काम नाही. सेल्सचे प्रकार इतके वेगळे आहेत, की एक जमला नाही यावरून दुसऱ्याबद्दल काहीच कळत नाही. म्हणून आधी प्रकार ठरवा, मग नोकरी शोधा.

१. कोणत्या प्रकारचं सेल्स, ते आधी ठरवा

काउंटर सेल्स: इथे खरा प्रश्न उभं राहण्याचा असतो. शोरूममध्ये आठ-नऊ तास उभं राहावं लागतं. कॅलिपर (पायाला आधार देणारी चौकट) किंवा कृत्रिम पाय वापरणाऱ्यांना संध्याकाळपर्यंत घासून जखम होते, पाय सुजतो, सॉकेट (कृत्रिम पायाची खोबण) घट्ट होतं. उंच स्टूल मिळालं तर हाच काउंटर दिवसभर जमतो. मेन रोड-रविवार कारंजा भागातल्या जुन्या साडीच्या दुकानांत गादीवर बसून माल दाखवायची पद्धत आहे. बसायला मिळतं म्हणून हे सोपं वाटेल, पण गुडघ्यात लॉक असलेलं कॅलिपर किंवा मांडीपासूनचा कृत्रिम पाय असेल, तर मांडी घालून बसणं आणि दर गिऱ्हाइकामागे उठणं हेच सगळ्यात अवघड जातं. होकार देण्यापूर्वी त्या गादीवर प्रत्यक्ष बसून, चार साड्या उलगडून, घडी घालून बघा.

फोनवरचं सेल्स: अंध, अल्पदृष्टी असलेल्या आणि चालण्यात अडचण असलेल्या उमेदवारांसाठी हा सगळ्यात मोकळा रस्ता. अडथळा येतो तो सॉफ्टवेअरचा. कंपनी ज्या प्रणालीत ग्राहकाची माहिती भरते, ती स्क्रीन रीडरने (पडद्यावरचा मजकूर बोलून दाखवणाऱ्या सॉफ्टवेअरने) वाचली जाते का, हे रुजू होण्याआधी बघायलाच हवं. एनव्हीडीए हा स्क्रीन रीडर मोफत आहे. मुलाखतीच्या दिवशी पंधरा मिनिटं त्यांच्याच संगणकावर तो चालवून बघू द्या म्हणून सांगा. नावं न दिलेली बटणं असतील तर तो नुसतं 'बटण, बटण' म्हणत राहतो, आणि कॉल संपल्यावर शेरा कुठे टाकायचा ते कळत नाही. हेडसेट एका कानाचा घ्या. एका कानात ग्राहक आणि दुसऱ्या कानात स्क्रीन रीडर, अशी सवय करायला साधारण दोन आठवडे द्या.

सेल्स कोऑर्डिनेटर: या जागेचा विचार फार कमी लोक करतात, आणि नाशिकला ती भरपूर आहे. अंबड-सातपूर-सिन्नरच्या कारखान्यांत कोटेशन बनवणं, पीओचा (ग्राहकाच्या खरेदी आदेशाचा) पाठपुरावा, डिस्पॅचची, म्हणजे माल निघण्याची तारीख कळवणं, उधारीची आठवण देणं, हे सगळं मेल आणि व्हॉट्सॲपवर चालतं. कर्णबधिर किंवा बोलण्यात अडचण असलेल्या उमेदवारांनी सगळ्यात आधी इकडे बघावं. एक्सेल आणि टॅली यांतलं एक तरी पक्कं हवं.

फील्ड सेल्स: कमाई जास्त, झीजही जास्त. साइड व्हीलची स्कूटर असेल तर हे काम नक्की होतं, फक्त बीट, म्हणजे रोज फिरायच्या दुकानांचा ठरलेला मार्ग, तुमच्या पद्धतीने आखावं लागतं. त्याबद्दल सातव्या टप्प्यात सविस्तर लिहिलं आहे.

साइट ऑफिस: फ्लॅट विक्रीचं ऑफिस तळमजल्यावर असतं, पण सॅम्पल फ्लॅट बऱ्याचदा वरच्या मजल्यावर असतो आणि तेव्हा लिफ्ट सुरू झालेली नसते. ग्राहकाला वर कोण नेणार, आणि वर नेणाऱ्याच्या नावावर बुकिंग लागणार की तुमच्या, हे आधीच ठरवून घ्या. नाहीतर बोलणी तुम्ही करायची आणि इन्सेंटिव्ह दुसऱ्याचा, असं होतं.

मानसिक आजार असेल तर प्रकारापेक्षा कामाचे तास आणि महिनाअखेरीचा ताण बघा. रात्री साडेआठनंतरचे रिव्ह्यू कॉल, २५ तारखेनंतरची आरडाओरड, रोज बदलणारी शिफ्ट यांनी झोप बिघडते आणि औषधांचं वेळापत्रक कोलमडतं. ठरावीक वेळेचं दुकान किंवा मेलवरचं काम इथे बरं पडतं.

२. कागदपत्रं एकदाच नीट गोळा करा

- यूडीआयडी कार्ड (दिव्यांगांचं देशभर चालणारं ओळखपत्र) आणि दिव्यांगत्व प्रमाणपत्र
- आधार, पॅन, रहिवासी पुरावा
- शिक्षणाच्या गुणपत्रिका, शाळा सोडल्याचा दाखला
- बँक पासबुक किंवा रद्द केलेला चेक
- पासपोर्ट फोटो
- आधीच्या नोकरीचं अनुभवपत्र आणि शेवटच्या तीन महिन्यांच्या सॅलरी स्लिप, असतील तर
- फील्डसाठी लायसन्स, आरसी, विमा

यूडीआयडीचा अर्ज स्वावलंबन पोर्टलवर होतो. अर्ज करताना रुग्णालय निवडावं लागतं. नाशिककरांसाठी बहुतेक वेळा ते त्र्यंबक रोडवरचं जिल्हा रुग्णालय, म्हणजे आपलं सिव्हिल. प्रत्येक प्रकारच्या दिव्यांगत्वाची तपासणी रोज होत नाही. हाडांचा, डोळ्यांचा, कानाचा आणि मानसिक आजाराचा वार वेगळा असू शकतो, तेव्हा वार विचारल्याशिवाय येवला-सुरगाण्याहून निघू नका. जुने तपासणी अहवाल, ऑपरेशनची कागदपत्रं, एक्स-रे सोबत न्या. कानासाठी ऑडिओमेट्रीचा, म्हणजे ऐकण्याच्या चाचणीचा अहवाल लागतो.

इथे होणाऱ्या तीन गडबडी सांगून ठेवतो. आधारवरचं नाव आणि प्रमाणपत्रावरचं नाव यांत एका अक्षराचा फरक असला, तरी पुढे पीएफ, विमा, कर्ज सगळीकडे अडतं. अर्ज भरतानाच आधार समोर ठेवून अक्षरं जुळवा. दुसरी गडबड तात्पुरत्या प्रमाणपत्राची. त्यावर मुदत छापलेली असते आणि ती संपल्यावर सवलती थांबतात, म्हणून मुदतीच्या तीन महिने आधी नूतनीकरणाला लावा. तिसरी गोष्ट कार्डाच्या रंगाची. ४० टक्क्यांच्या खाली पांढरं, ४० ते ८०च्या आत पिवळं, ८० आणि त्यापुढे निळं. कायद्यातले बहुतेक लाभ ४० टक्क्यांपासून सुरू होतात. पांढरं कार्ड मिळालं आणि ते चुकीचं वाटत असेल, तर फेरतपासणीसाठी अपील करता येतं.

३. नोकरी कुठे शोधायची

महास्वयम् पोर्टलवर नोंदणी करा आणि त्यात दिव्यांगत्वाचा रकाना भरा. जिल्हा कौशल्य विकास, रोजगार व उद्योजकता मार्गदर्शन केंद्राचे रोजगार मेळावे याच नोंदणीवर चालतात. मेळाव्यात सेल्सच्या जागा हमखास असतात, पण गर्दीत घाईने 'हो' म्हणू नका. दृष्टिबाधितांनी सातपूरच्या नॅब या अंधांसाठीच्या संस्थेमध्ये संगणक आणि स्क्रीन रीडरच्या प्रशिक्षणाची चौकशी करावी.

काउंटरची नोकरी मात्र पोर्टलपेक्षा पायी फिरून लवकर मिळते. दुकानदाराला भेटायची वेळ सकाळी साडेअकरा ते साडेबारा. भवानी झालेली असते आणि गर्दी अजून सुरू झालेली नसते. संध्याकाळी सहानंतर किंवा दिवाळीच्या आधीच्या आठवड्यात गेलात तर मालकाला मान वर करायला वेळ नसतो. याउलट, दसऱ्याच्या महिनाभर आधी गेलात तर हंगामी जागा सहज मिळते, आणि हंगामात आकडा दिसला की ती बऱ्याचदा कायम होते.

खेड्यापाड्यात राहत असाल तर शेतीच्या निविष्ठांचं सेल्स बघा. द्राक्षाच्या एप्रिल आणि ऑक्टोबर छाटणीच्या काळात औषधं-खतांच्या कंपन्यांना शेतकऱ्यांशी फोनवर बोलणारी माणसं लागतात. शेतकरी पानाचा फोटो व्हॉट्सॲपवर पाठवतो, त्याला कृषितज्ज्ञांनी दिलेला डोस आणि फवारणीचं अंतर सांगायचं, जवळच्या दुकानात माल आहे का ते बघायचं. बागेत न उतरता करता येणारं हे काम आहे. डावणी आणि भुरी या द्राक्षाच्या रोगांतला फरक ज्याला घरच्या बागेमुळे माहीत आहे, त्याला शहरातल्या पदवीधरापेक्षा इथे जास्त मान मिळतो.

यापासून लांब राहा: नोकरीसाठी 'रजिस्ट्रेशन' किंवा 'किट'चे पैसे आधी मागणारे, मूळ प्रमाणपत्रं ठेवून घेणारे, 'तुमच्यासारख्यांना लोक नाही म्हणत नाहीत' असं सांगून अगरबत्ती, पेन, डायऱ्या घरोघर विकायला लावणारे. शेवटच्या प्रकारात तुम्ही माल विकत नसता, तुमचं दिव्यांगत्व दुसरा कोणी विकत असतो, आणि त्यातला मोठा वाटा त्याच्याच खिशात जातो. असा अनुभव पुढच्या मुलाखतीतही उपयोगी पडत नाही.

४. मुलाखतीत काय सांगायचं, काय विचारायचं

दिसणारं दिव्यांगत्व असेल तर विषय तुम्हीच काढा, आणि पहिल्या पाच मिनिटांत. समोरचा माणूस अवघडून मनात अंदाज बांधत बसण्यापेक्षा हे बरं. पण आजाराचा इतिहास सांगू नका. काम कसं करणार ते सांगा. उदाहरणार्थ: "सर, माझ्या उजव्या पायाला पोलिओ आहे. साइड व्हीलच्या गाडीवर मी दिवसाला पन्नास किलोमीटर फिरतो. जिने कमी चढतो, म्हणून पहिल्या मजल्यावरच्या ग्राहकांशी आधी फोनवर बोलून खाली भेट ठरवतो." यात अडचण आहे आणि तिचा तोडगाही आहे. आकडा मात्र तुमचा खरा असू द्या.

न दिसणारं दिव्यांगत्व, म्हणजे मानसिक आजार, कमी ऐकू येणं, सिकलसेल वगैरे, कधी सांगायचं हा तुमचा निर्णय. आमचं मत असं, की काही व्यवस्था हवी असेल तर ऑफर लेटर हातात पडल्यावर आणि रुजू होण्याआधी सांगावं. व्यवस्था नको असेल तर सांगायची घाई नाही.

खासगी कंपनीत दिव्यांगांसाठी आरक्षण नाही. पण दिव्यांग व्यक्ती हक्क अधिनियम, २०१६ नुसार प्रत्येक आस्थापनेने समान संधी धोरण ठेवायचं असतं. वीस किंवा जास्त कर्मचारी असतील तर त्या धोरणात दिव्यांगांना कोणत्या सोयी मिळतील आणि संपर्क अधिकारी कोण, हेही लिहिलेलं हवं. "तुमचं समान संधी धोरण बघायला मिळेल का?" एवढा साधा प्रश्न एचआरला विचारा. बऱ्याच ठिकाणी ते नसतं. पण प्रश्न विचारला की सोयीची चर्चा उपकाराच्या सुरात होत नाही, कायद्याच्या भाषेत होते.

आणि जी सोय ठरली ती मेलवर घ्या. तोंडी कबूल केलेलं स्टूल मॅनेजर बदलला की गोडाऊनमध्ये जातं. मेल असा पुरे: "आज ठरल्याप्रमाणे काउंटरवर बसण्यासाठी उंच स्टूल आणि दर अडीच तासांनी दहा मिनिटांची विश्रांती मिळेल, याची नोंद म्हणून हा मेल." उत्तर आलं नाही तरी तारखेसह पुरावा राहतो.

५. पगाराचा कागद नीट वाचा

सेल्सचा पगार म्हणजे फिक्स अधिक इन्सेंटिव्ह. फसगत इन्सेंटिव्हच्या अटीत होते. समजा फिक्स १४,००० रुपये, महिन्याचं टार्गेट ३ लाख, आणि ८० टक्के गाठलं तरच एकूण विक्रीवर १ टक्का. म्हणजे २,४०,००० ला २,४०० रुपये मिळतात आणि २,३५,००० ला शून्य. पाच हजारांची विक्री कमी पडली की चोवीसशे जातात. म्हणून किती टक्क्यांपासून इन्सेंटिव्ह सुरू होतो, तो विक्रीवर आहे की वसुलीवर, आणि परत आलेला माल त्यातून कापतात का, हे तिन्ही विचारून लिहून घ्या.

काही कंपन्या विक्रीबरोबर भेटींचीही मोजणी करतात, 'दिवसाला पंचवीस दुकानं' अशी. चालण्यात अडचण असेल तर इथेच बोला. तुम्ही सोळा दुकानं केलीत आणि ऑर्डर तेवढीच आणलीत, तर कंपनीचं काही अडत नाही. मोजमाप ऑर्डरवर करा, भेटींवर नको, ही मागणी रास्त आहे आणि समजूतदार एरिया मॅनेजर ती मान्य करतो.

कपातींकडे बघा. कायद्यातल्या व्याख्येत बसणाऱ्या कायमच्या दिव्यांगत्वासाठी महाराष्ट्रात व्यवसाय कर माफ आहे. हा कर वर्षाला जास्तीत जास्त २,५०० रुपये होतो: महिन्याला २००, फेब्रुवारीत ३००. प्रमाणपत्र दिलं नाही तर पगारातून तो कापला जाऊ शकतो, तेव्हा पहिल्याच दिवशी एचआरला प्रत देऊन पोच घ्या. ईएसआयसीसाठी (कर्मचारी राज्य विमा) सर्वसाधारण वेतनमर्यादा २१,००० आहे, पण दिव्यांग कर्मचाऱ्यासाठी ती २५,००० आहे. हे पगारपत्रक बनवणाऱ्यांना बऱ्याचदा ठाऊक नसतं. तेवीस हजार पगार असलेल्या दिव्यांग कर्मचाऱ्याला 'तुम्ही बसत नाही' म्हणून सांगितलं जातं आणि घरच्यांचे उपचार हातचे जातात. आयकराचं सुरुवातीच्या पगारात फारसं मनावर घेऊ नका. पुढे कमाई वाढली आणि जुनी करप्रणाली निवडली, तर ४० टक्क्यांपुढे ७५,००० आणि ८० टक्क्यांपुढे १,२५,००० रुपयांची वजावट मिळते.

संजय गांधी निराधार योजनेचं अनुदान चालू असेल तर नोकरी लागताच तहसील कार्यालयात चौकशी करा. योजनेला वार्षिक उत्पन्नाची मर्यादा आहे. ती ओलांडल्यावरही पैसे घेत राहिलात, तर नंतर वसुली निघते.

६. गाडी आणि प्रवास

साइड व्हील लावण्याआधी आरटीओची परवानगी, मग बदल, मग आरसीवर नोंद, हा क्रम मोडू नका. नाशिकचं आरटीओ पेठ रोडला आहे. गॅरेजवाला एका दिवसात चाकं बसवून देतो आणि 'नोंद नंतर होईल' म्हणतो. ती राहून जाते, आणि अपघात झाला की विमा कंपनी आरसीत नसलेल्या बदलावर बोट ठेवून दावा अडवते. लायसन्सही अनुरूप वाहनाचंच लागतं. किट बसवल्याचं बिल, किटच्या मान्यतेचा कागद आणि जुनी आरसी एकत्र ठेवा. विम्याचं नूतनीकरण करताना दिव्यांगांसाठी बदललेल्या वाहनाची सवलत आहे का, ते विचारा. आपणहून कोणी सांगत नाही.

साइड व्हीलच्या गाडीला रस्त्यावर तीन चाकोऱ्या लागतात. दोन चाकांची गाडी खड्डा चुकवते, तुमचं बाजूचं चाक त्यात जातं आणि हँडल खेचलं जातं. दहीपूल, भद्रकालीच्या गल्ल्यांत वळायलाही जागा मिळत नाही, तिथे गाडी मोठ्या रस्त्याला लावून दुकानदारालाच फोन करा. सिंहस्थाच्या कामांसाठी खोदलेल्या रस्त्यांमुळे नेहमीची वाट अचानक बंद असते, म्हणून निघण्याआधी नकाशा बघायची सवय ठेवा. पावसाळ्यात गंगापूर धरणातून मोठा विसर्ग सुरू झाला की सराफ बाजार आणि गोदाघाटाचा भाग त्या दिवशीच्या बीटमधून काढून टाका.

एसटीच्या साध्या बसला दिव्यांगांना ७५ टक्के सवलत आहे. ६५ टक्क्यांवर दिव्यांगत्व असेल तर सोबत्यालाही निम्मी सवलत मिळते. निफाड, सिन्नर, चांदवडचे दौरे करायचे असतील तर हा मोठा आधार आहे. शहरात सिटीलिंक या शहर बससेवेच्या पास केंद्रावर दिव्यांग पासाची चौकशी करा.

७. पहिले तीन महिने: बीट, वही आणि फोन

पहिले पंधरा दिवस विकण्यासाठी घाई करू नका, माल पाठ करा. प्रत्येक वस्तूचा एमआरपी, दुकानदाराचा भाव, त्याला सुटणारं मार्जिन, चालू स्कीम, किती नगांची पेटी, एक्स्पायरी किती महिन्यांची, आणि स्पर्धकाच्या मालापेक्षा काय वेगळं. दुकानदार "मला काय सुटणार?" एवढंच विचारतो, आणि त्याचं उत्तर रुपयांत लगेच आलं पाहिजे. जो फिरण्यात मागे पडू शकतो, त्याने भावात आणि स्कीममध्ये एकदाही अडखळायचं नाही.

बीट आखताना दुकानांची यादी घ्या आणि प्रत्येकापुढे चार गोष्टी लिहा: ओट्याच्या पायऱ्या किती, गाडी दारात लागते का, मालक कोणत्या वेळी मोकळा असतो, आणि फोनवर ऑर्डर देतो का. ही वही पहिल्या फेरीत तयार होते आणि पुढची कित्येक वर्षं उपयोगी पडते. किराण्याचा मालक दुपारी बारा ते चार मोकळा असतो. जुन्या नाशकातल्या दुकानांचे ओटे उंच, गंगापूर रोड-इंदिरानगरकडची दुकानं बहुतेक रस्त्याच्या पातळीला. म्हणून आठवड्यात अवघड भाग आणि सोपा भाग एकाआड एक ठेवा. सलग दोन दिवस ओट्यांचे ठेवले की तिसरा दिवस दुखण्यात जातो.

ओटा उंच असेल तर खालूनच, हसून: "शेठ, पायरी मोठी आहे, दोन मिनिटं इथेच बोलू का? नवीन स्कीम दाखवायची आहे." बहुतेक जण बाहेर येतात. जे येत नाहीत त्यांना तिथूनच फोन लावा. सॅम्पलची पिशवी पाठीवर नको, तोल जातो. गाडीच्या पुढच्या भागात किंवा छातीशी आडवी घ्या. कुबड्या असतील तर दोन्ही हात अडकलेले असतात, म्हणून रेट कार्ड लॅमिनेट करून गळ्यात अडकवा आणि ऑर्डर बोलून फोनवर रेकॉर्ड करा, नंतर बसून उतरवा.

प्रत्यक्ष भेट आणि फोन यांची विभागणी अशी ठेवा: नवीन दुकान, मोठा ग्राहक, थकलेली उधारी यांना समोरासमोर, नेहमीची भरणी फोनवर. पंधरा दिवसांतून एकदा ठरलेल्या वारी, ठरलेल्या वेळी फोन गेला की दुकानदार तुमची वाट बघून ऑर्डर काढून ठेवतो. एक सावधगिरी: अनोळखी लोकांना वैयक्तिक सिमवरून घाऊक जाहिरातीचे कॉल किंवा मेसेज करू नका. ट्राय या दूरसंचार नियामकाच्या नियमांप्रमाणे त्यासाठी नोंदणी लागते, आणि तक्रारी गेल्या तर नंबर बंद होतो. सगळे ग्राहक त्या एकाच नंबरवर असतील तर धंदाच थांबतो.

कर्णबधिरांनी काउंटरवर किंवा भेटीत लाइव्ह ट्रान्सक्राइब हे बोलणं लिहून दाखवणारं ॲप वापरावं. ते मराठीही लिहून दाखवतं, मात्र बाजाराच्या गोंगाटात चुकतं, म्हणून भाव आणि नग कॅल्क्युलेटरवर टाकून ग्राहकाला दाखवा आणि मान हलवून घ्या. आकड्यावरचे वाद इथेच मिटतात.

अंध विक्रेत्यांसाठी पैशाचं: यूपीआयचा साउंडबॉक्स मराठीत रक्कम बोलतो, तो आवाज आल्याशिवाय माल सोडू नका, ग्राहकाने दाखवलेली स्क्रीन मानू नका. रोख नोटांसाठी रिझर्व्ह बँकेचं मणी ॲप इंटरनेटशिवाय चालतं. बोटांनीही ओळखता येतं: नव्या नोटांच्या डाव्या-उजव्या कडेला उठावाच्या तिरक्या रेषा असतात. १००च्या नोटेला चार, २००ला चार आणि मध्ये दोन छोटी वर्तुळं, ५००ला पाच. नोट जुनी झाली की उठाव झिजतो, म्हणून लांबीही मोजायची सवय ठेवा. २००ची नोट १०० पेक्षा थोडी लांब असते.

८. शरीराचा हिशोब

टॉयलेट मिळणार नाही म्हणून पाणी न पिणं, ही व्हीलचेअर वापरणाऱ्या आणि विशेषतः स्त्री विक्रेत्यांची नेहमीची सवय, आणि मूत्रमार्गाच्या संसर्गाचं नेहमीचं कारण. बीटच्या वहीत वापरता येण्याजोगी टॉयलेटही टिपा: मोठे पेट्रोल पंप, सिटी सेंटर मॉलसारख्या जागा, ओळखीचं हॉस्पिटल. मणक्याच्या दुखापतीमुळे संवेदना नसेल तर गाडीवर किंवा खुर्चीवर दर वीस-तीस मिनिटांनी हातांवर भार देऊन अंग उचला आणि रात्री आरशात त्वचा तपासा. लाल डाग दाबल्यावर फिका पडला नाही, तर दुसऱ्या दिवशी बसायचं काम बंद. दोन दिवसांची रजा परवडते, बेडसोअरचे (दाबामुळे होणाऱ्या जखमेचे) दोन महिने परवडत नाहीत.

कृत्रिम पायाचे जादा मोजे पिशवीत ठेवा. दिवसभरात खुंटाचा, म्हणजे पायाच्या उरलेल्या भागाचा आकार बदलतो, मोजा वाढवून किंवा काढून सॉकेट बरोबर बसवता येतं.

९. दया आणि टोमणे

काही दुकानदार दयेपोटी एक पेटी घेतील. घेऊ द्या, पण तिथे थांबू नका. दयेने घेतलेला माल दुकानदार पुढे लावत नाही, तो मागच्या फळीवर पडून राहतो, एक्स्पायरी जवळ आली की परत घ्यायला सांगतो, आणि पुढच्या वेळी तुम्हाला बघून टाळतो. म्हणून आठवड्यात परत जा, माल नजरेसमोर लावून घ्या, आणि खपला का विचारा. खपला तर दुसरी ऑर्डर मालाच्या जोरावर येते.

"घरी बसून सरकारचे पैसे का घेत नाही?" असं विचारणारे भेटतात. एकच वाक्य ठेवा: "काका, काम चांगलं चाललंय. ही नवीन स्कीम बघा." चर्चा मालावर परत आणायची. मात्र अपमान, शिवीगाळ किंवा अंगाला हात लावणं झालं, तर ते दुकान बीटमधून काढा आणि मॅनेजरला त्याच दिवशी लेखी कळवा.

१०. स्वतःची एजन्सी किंवा दुकान

विमा एजंटसाठी दहावी पास आणि आयआरडीएआय या विमा नियामकाची परीक्षा लागते. म्युच्युअल फंड वितरणासाठी एनआयएसएम या सेबीच्या संस्थेची परीक्षा: १०० प्रश्न, दोन तास, ५० टक्क्यांना पास, प्रमाणपत्र तीन वर्षांचं. घरांच्या दलालीसाठी महारेरा या राज्याच्या स्थावर मालमत्ता नियामकाकडे नोंदणी आणि त्याआधी प्रशिक्षण व परीक्षा. तिन्ही कामं बरीचशी फोनवर होतात. पण पहिल्या वर्षी उत्पन्न तुटक असतं, तेव्हा सहा महिन्यांचा घरखर्च बाजूला असल्याशिवाय पगाराची नोकरी सोडू नका.

दुकानासाठी भांडवल हवं असेल तर राज्याच्या दिव्यांग वित्त व विकास महामंडळाकडे कर्ज आणि फिरत्या दुकानासाठी ई-वाहनाची योजना आहे. जिल्हा उद्योग केंद्रात पीएमईजीपी (पंतप्रधान रोजगार निर्मिती कार्यक्रम) विचारा. त्यात दिव्यांगांचा समावेश विशेष प्रवर्गात होतो: स्वतःचा वाटा ५ टक्के, अनुदान शहरात २५ आणि ग्रामीण भागात ३५ टक्के. महापालिका आणि जिल्हा परिषदेने दिव्यांगांसाठी ५ टक्के निधी राखून ठेवायचा असतो. त्यातल्या चालू योजनांची यादी दरवर्षी विचारावी लागते. उद्यम नोंदणी मोफत आहे, त्यासाठी कोणाला पैसे देऊ नका.

११. अडवणूक झाली तर

दिव्यांगत्वामुळे कामावरून काढलं, ठरलेली सोय नाकारली, इन्सेंटिव्ह दाबला, तर आधी कंपनीला मेल. उत्तर आलं नाही तर पुण्याच्या दिव्यांग कल्याण आयुक्तांकडे लेखी तक्रार करता येते. वकिलासाठी जिल्हा न्यायालयाच्या आवारातल्या विधी सेवा प्राधिकरणात जा. दिव्यांग व्यक्तीला उत्पन्नाची अट न लावता मोफत कायदेशीर मदत मिळते. सोबत ऑफर लेटर, सोयीबद्दलचा मेल, सॅलरी स्लिप, इन्सेंटिव्हचा तक्ता आणि यूडीआयडीची प्रत न्या. नोकरीत असतानाच या सगळ्याचे फोटो स्वतःच्या फोनमध्ये ठेवा, कारण नोकरी सुटली की कंपनीचा मेल त्याच दिवशी बंद होतो.